आडवे चेहरे

साचेवाल्याची बायको ज्या मंगळवारी गेली, त्या सकाळी तो संग्रहालयाच्या तळघरात एका फुटक्या सुरईला नवं बूड ओतत होता. प्लास्टर नुकतंच कालवून झालं होतं. कालवलेलं प्लास्टर कुणासाठी थांबत नाही. पाच-सात मिनिटांत ओतलं नाही, तर घमेल्यातच दगड होऊन बसतं. पहारेकरी जिना उतरून आला आणि दारातच घुटमळला.

“काका, वर फोन आलाय. दप्तरखान्यातून.”

“काय म्हणतायत?”

पहारेकऱ्याने टोपी काढली. “काकू आता नाहीत, काका.”

साचेवाल्याला ऐकू आलं. कळलंही. पण हात ओतत राहिले. त्याने साचा काठोकाठ भरला, बुडबुडे वर यावेत म्हणून बाजूने बोटाने चार टिचक्या मारल्या, घमेलं पालथं घातलं. मग नळाखाली कोपरापर्यंत हात धुतले आणि म्हणाला, “चल.”

एवढंच झालं. पण पहारेकऱ्याने ते डोळ्यांनी पाहिलं होतं, आणि त्याच्या तोंडात तीळ भिजत नसे. संध्याकाळपर्यंत सगळ्यांना ठाऊक झालं की बायको गेल्याचं ऐकून काकांच्या चेहऱ्यावरची माशीसुद्धा हलली नाही, उलट त्यांनी हातातलं काम पुरं केलं.

ती जुन्या तुरुंगाच्या नोंदवह्या बघायला दप्तरखान्यात गेली होती. साडेदहाच्या सुमाराला तिने टेबलावर हात ठेवून त्यावर डोकं टेकलं. तिथल्या कारकुनाने पाहिलं. चेहरा इतका निवांत होता, की बाईंचा डोळा लागला असं त्याला वाटलं. त्याने पंखा कमी केला, कागद फडफडू नयेत म्हणून खिडकी ओढून घेतली आणि तासभर कुणाला तिकडे फिरकू दिलं नाही. तो कारकून दुसऱ्या दिवशी घरी येऊन हुंदके देत हे सांगून गेला. साचेवाल्यानेच त्याला पाणी दिलं. डॉक्टरांनी सांगितलं होतं की तो तास हाताशी असता तरी काही करता आलं नसतं. ते त्याने कारकुनाला दोनदा सांगितलं.

आठवडाभर घरात माणसांची ये-जा होती. येणारा प्रत्येक जण आधी साचेवाल्याच्या तोंडाकडे बघायचा, आणि तिथे काही सापडलं नाही की नजर खाली वळवायचा. त्याचं तोंड पहिल्यापासून तसंच. बारीक डोळे, मिटलेले ओठ, कपाळावर एक आडवी आठी. लग्न ठरताना सासूबाईंनी “मुलगा आतल्या गाठीचा दिसतो” म्हणून नाक मुरडलं होतं. बायको बत्तीस वर्षं त्यावर हसत आली होती. कपाटाची किल्ली सापडली नाही, की “कुठल्या गाठीत ठेवलीत?” असं विचारायची.

तिची धाकटी बहीण मात्र हसणाऱ्यांतली नव्हती. घरात तिला सगळे धाकटीच म्हणत, आता पन्नाशी उलटली तरी. ती स्वयंपाकघरात कुणाला तरी म्हणाली, आणि बाहेर ऐकू जाईल इतपत मोठ्याने म्हणाली, “आधी प्लास्टर, मग माझी बहीण. डोळ्यांत टिपूस नाही. दगड पत्करला.”

साचेवाल्याने ऐकलं आणि बाहेर बसलेल्यांना चहाचे कप नेऊन दिले. म्हणजे धाकटीच्या लेखी दगडच.

*

बायको त्याच संग्रहालयात पाट्या लिहायची. वस्तू काय, कुठली, कुणी केली, हे चार ओळींत. लोक म्हणत, सरकारी नोकरीत पाट्या टाकायच्या असतात, ही लिहीत बसते. एकेका पाटीसाठी ती आठवडा घालवायची.

शेवटचं वर्ष तिने चोवीस चेहऱ्यांमागे घालवलं. शंभरहून जास्त वर्षांपूर्वी तुरुंगात एक डॉक्टर होता. चेहऱ्यावरून माणसाचा स्वभाव सांगता येतो असं त्याच्या डोक्यात बसलं होतं. त्याने अठरा कैद्यांच्या जिवंत चेहऱ्यांवर प्लास्टर ओतून साचे घेतले, आणि तुलनेला म्हणून सहा भल्या माणसांचे. तुरुंगाधिकारी, दोन कारकून, एक मास्तर, एक न्यायाधीश आणि त्याचा स्वतःचा मेव्हणा.

“मेव्हण्याला भला म्हणणारा जगातला पहिला माणूस असेल,” ती जेवताना म्हणाली होती.

मग डॉक्टरने कॅलिपर, म्हणजे रुंदी मोजायचा चिमटा, लावून गाल मोजले आणि प्रत्येकाखाली चिठ्ठी लावली. गाल रुंद, नाकपुड्या फुगलेल्या, डोळे आवळलेले : जन्मजात चोर. गाल रुंद, ओठ घट्ट : कपटी. आणि भल्यांखाली : मुद्रा उभट, विचारी.

हे खूळ त्या एकट्याचं नव्हतं. रोज रात्रीच्या जेवणाला ती त्यातलं काहीतरी घेऊन बसे. हजारो वर्षांपूर्वीचे शहाणे लोक म्हणे माणसांची तोंडं जनावरांशी लावून बघत. कोल्ह्यासारखं नाक, तर माणूस कोल्ह्यासारखा. पुढे कवट्या मोजणारे आले, कान मोजणारे आले. एका जहाजाचा कप्तान तर एका हुशार तरुणाला नुसत्या नाकाच्या आकारावरून सफरीला नेईना. कुणी कैद्यांचे फोटो एकावर एक छापून खऱ्या गुन्हेगाराचा चेहरा काढायला गेला, तर निघालेला चेहरा त्यातल्या एकेकापेक्षा देखणा.

“मग काय केलं त्याने?”

“काय करणार? बुचकळ्यात पडला. पण मोजणं नाही सोडलं.”

तिने नोंदवह्या चाळून कैद्यांची नावं शोधायला घेतली. अठरांपैकी अकरा सापडले. नऊ नंबरचा जन्मजात चोर घोडा चोरल्याच्या आरोपावरून आत होता. सात महिन्यांनी घोडा मालकाच्याच दुसऱ्या शेतात चरताना सापडला आणि याला सोडून दिलं. तिच्या पाटीची सुरुवात त्याच्या नावाने होती, मग घोडा, मग सुटका, आणि डॉक्टरचं म्हणणं सगळ्यांत शेवटी.

पण एका गोष्टीने तिच्या नाकी नऊ आणले होते. एकदा ताट बाजूला सारून तिने विचारलं होतं, “अहो, अठराच्या अठरा कैद्यांचे गाल रुंद, आणि सहाच्या सहा भल्यांचे अरुंद. मी स्वतः मोजले. डॉक्टरने आकडे खोटे लिहिलेले नाहीत. घोडा न चोरलेला माणूससुद्धा रुंदच. असं कसं?”

साचेवाल्याचं लक्ष भातात होतं. तो म्हणाला, “साचा खोटं बोलत नाही. जसं तोंड, तसं उतरतं.”

“एकदा वर येऊन बघा ना.”

“बघू.”

तिने त्याचा शब्द प्रमाण मानला. चाळीस वर्षं साचे काढणारा माणूस सांगतोय म्हटल्यावर साच्याकडे तिने पाहिलंच नाही. उत्तर कागदांत असेल म्हणून ती दप्तरखान्यात जात राहिली.

*

पुढच्या सोमवारी तो कामावर गेला. सुरईचं बूड साच्यात तसंच होतं, चांगलं वाळलेलं. त्याने ते काढून फडताळात ठेवून दिलं. अकरा वाजता संग्रहालयाच्या प्रमुख बाई स्वतः खाली आल्या. वयाने त्याच्याहून बऱ्याच लहान. उभ्यानेच बोलायला लागल्या, मग स्टूल ओढून बसल्या.

“काका, चेहऱ्यांचं दालन महिनाअखेरीला उघडतंय. बाईंच्या पाट्या सुरेख आहेत. पण मी त्या लावू की नको, कळत नाहीये.”

“का?”

“त्या पाट्यांत लिहिलंय की डॉक्टर चुकला. आणि भिंतीवर बघावं, तर वाईट म्हणलेले सगळे रुंद, चांगले म्हणलेले सगळे उभट. लोक वाचत नाहीत हो, बघतात. बघतील आणि डॉक्टरच बरोबर म्हणून घरी जातील. आमच्या समितीतले दोघं तर आत्ताच म्हणतायत, काहीतरी तथ्य असणार. त्यांना मी काय उत्तर देऊ?”

“नाहीतर काय लावणार?”

“डॉक्टरच्याच मूळ चिठ्ठ्या. जुन्या काळची गंमत म्हणून. त्यात वाद नाही.” बाईंनी त्याच्या तोंडाकडे पाहिलं, काही अंदाज लागला नाही, आणि त्या उठल्या. “शनिवारी मजकूर छपाईला जातो. तोवर चेहरे पुसून ठेवाल का? फार धूळ बसलीय.”

म्हणजे घोडा न चोरलेला माणूस पुन्हा जन्मजात चोर होऊन भिंतीवर चढणार होता, आणि बायकोचं वर्ष रद्दीत जाणार होतं. शनिवारला पाच दिवस होते. साचेवाला वर गेला आणि एकेक चेहरा भिंतीवरून उतरवून खाली आणायला लागला.

इतकी वर्षं हे चेहरे त्याच्या डोक्यावरच्या दालनात होते. त्याने ते कधी पाहिले नव्हते असं नाही. कुणाचं नाक उडालंय, कुठे चीर गेलीय, एवढं तो बघायचा. साचेवाला चेहरा बघत नाही, टवका बघतो.

प्लास्टर उभं ठेवून पुसलं तर कडा फुटतात. म्हणून त्याने वाळू पसरलेला मोठा पाट घेतला आणि त्यावर नऊ नंबर उताणा ठेवला. ब्रश घेतला, वाकला, आणि थांबला.

भिंतीवर हा माणूस राकट दिसायचा. गाल कानांकडे सुटलेले, नाकाशेजारची रेघ पुसलेली, जबडा अंगावर आल्यासारखा. वाळूवर तोच माणूस साधासुधा दिसत होता, दुपारचा पाठ टेकून पडलेला. निजल्यावर गाल कानांकडेच सुटतात, आणि तिकडेच ते गेले होते. त्याने दहा नंबर शेजारी ठेवला. अकरा ठेवला. तिघंही निजलेली माणसं. मग त्याने न्यायाधीश आणून ठेवला. तो आडवा काही केल्या बरा दिसेना. त्याचे गाल हनुवटीकडे ओघळलेले, नाकाच्या दोन्ही बाजूंना खोल घड्या. झोपलेल्या माणसाचं मांस असं पायांकडे कधी ओघळत नाही.

साचेवाल्याने कडा तपासल्या. कैद्यांच्या चेहऱ्याभोवती कापडाच्या गुंडाळीचा ठसा होता, कपाळावरून कानांमागून हनुवटीखालपर्यंत गोल. प्लास्टर खाली वाहून जाऊ नये म्हणून निजलेल्या माणसाला अशी गुंडाळी लावतात. भल्यांना ती नव्हती. त्यांच्या गळ्याशी सदऱ्याच्या कॉलरचा ठसा होता. ते बसलेले होते.

त्याने अठराही पाहिले. मग सहाही पाहिले. एकही याच्या उलट निघाला नाही.

न्यायाधीशाला कोण फळीवर आडवं करणार? त्याला खुर्ची दिली, हळूहळू ब्रशने प्लास्टर चढवलं. कैद्याला फळीवर निजवला, चौघांनी धरला असेल, आणि वरून ओतलं. गार लगदा तोंडावर पडल्यावर डोळे आवळणारच. नाकात नळ्या खुपसल्यावर नाकपुड्या फुगणारच. त्या ओझ्याखाली गाल अजून पसरले. आणि डॉक्टर महिनाभराने टेबलाशी बसून कॅलिपर लावत होता, माणसांना नव्हे, प्लास्टरला.

साचेवाला स्टुलावर बसला. हे बघायला त्याला पाच मिनिटं लागली होती. जिना चढून जायची दोन धरली तर सात.

*

नुसतं सांगून समिती ऐकणार नाही, हे त्याला कळत होतं. एकाच माणसाचे दोन चेहरे काढून दाखवायला हवे होते, एक बसून, एक निजून. पहारेकऱ्याला विचारलं. तो दोन्ही हातांनी दाढी सांभाळत म्हणाला, “काका, ही गेली तर बायको घरात घ्यायची नाही. ओळखायचीच नाही.” स्वतःचा चेहरा साचेवाल्याला घेता येईना. हात तर त्याचेच हवेत.

बुधवारी दुपारी धाकटी तळघरात आली. दप्तरखान्याने बहिणीची पिशवी तिच्याकडे पोचवली होती. तिने पिशवी टेबलावर ठेवली. “चष्मा आहे, वही आहे. तुमच्याकडेच असू दे.” आणि वाळूवरच्या रांगेकडे पाहून म्हणाली, “हे काय, सगळ्यांना झोपवून ठेवलंत?”

त्याने सांगितलं. एरवी चार शब्दांत भागवणारा माणूस, पण त्या दिवशी सगळं सांगितलं. गाल, गुंडाळी, कॉलर, शनिवार. फक्त भाताच्या वेळचं बोलणं सांगितलं नाही.

धाकटीने न्यायाधीशाच्या गळ्याशी बोट फिरवून पाहिलं. मग पदर खोचला.

“माझं तोंड घ्या.”

“तुला जमायचं नाही. अर्धा तास बोलता येत नाही.”

“भाऊजी, टोमणे मारायला तोंड आहे म्हणजे तुम्हालाही.” ती खुर्चीत बसली. “काय लावायचंय ते लावा.”

त्याने तिच्या केसांना फडकं गुंडाळलं, भुवयांना आणि पापण्यांना व्हॅसलीन चोपडलं, नाकात दोन नळ्या बसवल्या. “डोळे मीट. आवळू नको. घाबरलीस तर बोट वर कर, लगेच काढतो.” बसलेला साचा चांगला निघाला. तोंड धुऊन, चहा पिऊन ती फळीवर आडवी झाली. त्याने चेहऱ्याभोवती कापडाची गुंडाळी लावली आणि वरून ओतलं.

आता तिचं तोंड दिसत नव्हतं, तिला त्याचं दिसत नव्हतं. नळ्यांतून श्वासाचा बारीक आवाज येत होता. साचेवाला घमेल्यातलं खरवडत उभा राहिला.

“तुझ्या बहिणीने मला विचारलं होतं,” तो म्हणाला. “हे सगळे रुंद कसे म्हणून. मी म्हटलं, साचा खोटं बोलत नाही. वर येऊन बघा म्हणाली, तर म्हटलं बघू. मी बघितलं असतं, तर तिला पुन्हा त्या दप्तरखान्यात हे शोधायला जावं लागलं नसतं. नावांसाठी गेली असती, ते वेगळं. पण त्या मंगळवारी ती कशासाठी गेली होती, ते मला माहीत नाही.”

नळ्यांतला आवाज तसाच चालू होता.

“आणि ते बुडाचं. पहारेकऱ्याने सांगितलं ते खरं आहे. मला ऐकू आलं होतं. हात थांबलेच नाहीत. मी थांबवले नाहीत असं नाही. थांबेचनात. रोज रात्री तेवढंच डोळ्यांपुढे येतं. चार टिचक्या मारल्या मी.”

धाकटीचा हात वर आला. त्याला वाटलं ती घाबरली. तो साच्याकडे धावला, पण तिने बोट वर केलं नव्हतं. तळवा हलवून ती त्याला थांब म्हणत होती. मग चाचपडत तिने त्याचं मनगट धरलं. प्लास्टर गरम होऊन पुन्हा निवेपर्यंत धरून ठेवलं.

साचा निघाल्यावर ती बराच वेळ नळाशी तोंड धूत होती. डोळे लाल झाले होते. ते प्लास्टरनेही होतात.

“वहीत बघा,” ती टॉवेलआडून म्हणाली. “मी वाचलीय. शेवटच्या पानावर नुसती नावं आहेत. त्या दिवशी ती नावंच शोधत होती. रुंदीचं काही नाही त्यात.”

त्याने वही उघडली. शेवटच्या पानावर बायकोच्या अक्षरात मंगळवारची तारीख होती, आणि खाली ‘क्रमांक बारा’, पुढे तीन नावं. दोन खोडलेली, तिसऱ्यापुढे प्रश्नचिन्ह.

“आणि एक सांगू?” धाकटी म्हणाली. “तुमच्या तोंडावर काही दिसत नाही, हे मात्र खरंच आहे.”

“हो.”

“तिला कसं कळायचं?”

“ती विचारायची,” तो म्हणाला.

*

शुक्रवारी दोन्ही चेहरे वाळून तयार झाले. साचेवाल्याने ते टेबलावर शेजारी शेजारी उभे केले आणि कॅलिपर प्रमुख बाईंच्याच हातात दिलं. निजलेला चेहरा सात मिलिमीटर जास्त रुंद भरला. डॉक्टरच्या तक्त्यात भल्याबुऱ्यांमधला फरक सहा ते आठ होता. बाईंनी दोनदा मोजलं, मग खुर्चीत बसल्या आणि समितीच्या दोघांना फोन लावला.

दालन महिनाअखेरीला उघडलं. डॉक्टरच्या चिठ्ठ्या एका पेटीत गेल्या. अकरा कैद्यांखाली बायकोच्या पाट्या लागल्या, एक शब्दही न बदलता. दाराशी धाकटीचे दोन चेहरे टांगले आणि खाली विचारलं, यातलं कोण भरवशाचं वाटतं? लोक पटापट उभट चेहऱ्याकडे बोट दाखवत. दोन्ही एकाच बाईचे, असं सांगणारी पलीकडची पाटी वाचली, की मागे येऊन पुन्हा बघत. धाकटी पहिल्या दिवशी तासभर तिथे उभी होती. कुणी तिला ओळखलं नाही. “अर्ध्या लोकांनी मला लबाड ठरवलं,” ती साचेवाल्याला येऊन म्हणाली, “आणि उरलेल्या अर्ध्यांनी चष्मा आणला नव्हता.”

आता दर शनिवारी साचेवाला दप्तरखान्यात जातो. कारकून त्याला खिडकीजवळचं टेबल देतो आणि मधूनमधून येऊन, “काका, ठीक ना?” असं विचारून जातो. नोंदवह्यांचं जुनं अक्षर त्याला लवकर लागत नाही. एक पान वाचायला अर्धा तास जातो. धाकटी कधी सोबत येते, तिला अक्षर लागतं, पण तिचं बोलणं थांबत नाही आणि पान तिथेच राहतं.

बाराव्या नंबरच्या तिसऱ्या नावापुढचं प्रश्नचिन्ह अजून तसंच आहे. त्याच्यासकट सात जणांच्या पाट्या लिहायच्या राहिल्या आहेत.